हिरव्या केकातली रेघ

५ मार्च, मंगळवार

आज चौथ्यांदा डोळे तपासून घेतले. चौथ्यांदाही ठणठणीत निघाले. चष्मेवाले काका वैतागून म्हणाले, "अरे, असले डोळे घेऊन तू माझ्या दुकानात येतोसच कशाला?" मी म्हणालो, डोकं दुखतं. मग त्यांनी खणातून झिरो नंबरचा चष्मा काढला. मी मुकाट्याने घेतला, कारण तो माझ्या नाकावर बसवायचं काम तिचं होतं.

ती म्हणजे काउंटरवरची. नाव मला ठाऊक आहे, पण ह्या वहीत लिहिणार नाही. ताईला दुसऱ्याच्या वह्या उघडायची खोड आहे. (ताई, वाचत असशील तर इथेच मिटव.)

तिने दोन बोटांनी कानामागची दांडी सरळ केली. मग प्लॅस्टिकमध्ये घातलेलं मासिकाचं एक पान माझ्यासमोर धरून म्हणाली, "हे वाचून दाखवा." माचा मार्बल लोफ केकची, म्हणजे पावासारख्या लांबट केकची, कृती होती. माचा म्हणजे हिरव्या चहाची पिठासारखी बारीक पूड, हे मला तिथेच कळलं. अर्धं मिश्रण तसंच ठेवायचं, अर्ध्यात ही पूड घालायची, दोन्ही आळीपाळीने भांड्यात सोडायची आणि त्यातून सुरी फक्त दोनदा फिरवायची. कापल्यावर आत संगमरवरासारख्या रेघा. मी अगदी तळाच्या ओळीपर्यंत वाचलं. ती म्हणाली, "छान वाचलंत. बाकीचे दुसऱ्या ओळीला थांबतात."

जगात कागदांना तोटा नाही. विम्याचे आहेत, बसच्या वेळापत्रकाचे आहेत. तिने माझ्यापुढे नेमका हाच का धरला? दुकानापासून घरापर्यंत हाच विचार केला आणि दर वेळी एकाच उत्तरापाशी आलो. मुलींना सगळंच तोंडाने सांगता येत नाही.

६ मार्च, बुधवार

ही वही कॉलेजची आहे. पहिली बारा पानं आराखडे काढण्याच्या तासाची, तेरावं कोरं. तेराव्या पानाच्या दिवशी सरांनी साठ पोरांसमोर माझा कागद उचलून धरला आणि म्हणाले, "ह्याची रेघ बघा. घर काढलंय की घसरगुंडी?" मी ड्रॉइंग बोर्ड खिडकीतून खाली टाकला. तो सरांच्या स्कूटरवर पडला, ह्यात माझा हेतू नव्हता, असता तरी नेम इतका चांगला नाही. त्यानंतर मी त्या इमारतीत पाऊल ठेवलेलं नाही.

तेव्हापासून बाबा माझ्याशी बोलत नाहीत. पाच महिने झाले. सगळं आईतर्फे चालतं, तेही समोरासमोर. आज जेवताना बाबा म्हणाले, "त्याला सांग, पुन्हा नाव घालायचा अर्ज फ्रीजवर लावलाय. मी सगळा भरलाय. सही आणि एक रकाना राहिलाय. तेवीस तारीख शेवटची."

आई माझ्याकडे वळली. "अर्ज फ्रीजवर…"

"ऐकलं मी. त्यांना सांग, विचार करतो."

"ऐकलं त्यांनीही," आई म्हणाली. "मी मध्ये आहे की टेलिफोन?"

बाबा रंगाच्या दुकानात रंग मिसळतात. तीस वर्षं तेच. गिऱ्हाईक पडद्याचा तुकडा आणतं, बाबा तसाच रंग डब्यात उतरवून देतात. कामावरून आले की बोटांच्या पेरांत दिवसभरातल्या सगळ्या भिंती असतात. असल्या माणसाला प्रेम काय कळणार.

९ मार्च, शनिवार

चष्म्याचा स्क्रू सैल झाला म्हणून दुकानात गेलो. (घरी सैल करून नेला.) तो पिळता पिळता ती काकांना म्हणत होती, "तेवीसला माझा इथला शेवटचा दिवस, विसरू नका. सोमवारपासून दुसऱ्या शाखेत." दुसरी शाखा शहराच्या पार दुसऱ्या टोकाला आहे. तिथे जाऊन डोळे तपासायला माझ्याकडे कारण काय?

म्हणजे चौदा दिवस. तेवीस तारखेला तो केक तिच्या हातात पडला पाहिजे. त्यापुढचं ती समजून घेईल.

फ्रीजसमोरून चौदा वेळा गेलो असेन. ह्या घरात तेवीस तारखेचा एवढा गवगवा का चाललाय, कळत नाही.

१० मार्च, रविवार

पहिला प्रयत्न. वरच्या मजल्यावरच्या काकूंकडून लांबट भांडं आणलं. त्या म्हणाल्या, "ने, पण परत देताना त्यात काहीतरी घालून दे." कृती मी पाच तारखेलाच घरी येऊन आठवणीने उतरवून ठेवली होती. लोणी आणि साखर पांढरी होईपर्यंत फेटायची, असं तीत आहे. मी फेटली. दंड भरून आले. अंडी एकेक करून घातली, मैदा चाळून घातला, अर्ध्यात माचा. हिरवा असा आला की मन भरून आलं.

भांडं ओव्हनमध्ये गेलं आणि मग मात्र मला राहवेना. फुगला का म्हणून दार उघडलं. दोन मिनिटांनी पुन्हा उघडलं. ताई ओट्याला टेकून मोजत होती.

"अकरा," ती म्हणाली. "बाबा रे, तो केक आहे, दवाखान्यातला पेशंट नाही. त्याला जरा झोपू दे."

"तू तुझं काम कर."

"माझं काम आज हेच. सुट्टी आहे."

केक मध्यातून खचला. बशीसारखा. आईने त्यातला बरा भाग चहाबरोबर खाल्ला आणि म्हणाली, चव आहे. मी म्हणालो, चव काय, दगडालाही असते. ती कप घेऊन खोलीत गेली. नंतर मला वाईट वाटलं, पण वाईट वाटल्याचं सांगायला गेलो तर ती झोपली होती. दुपारची.

एक मात्र झालं. कापल्यावर आत रेघा होत्या. खचलेल्या, वाकड्या, पण होत्या.

१३ मार्च, बुधवार

आज सगळं बरोबर केलं. दोन्ही मिश्रणं चमच्या-चमच्याने भांड्यात सोडली, सुरी दोनदा फिरवली, तिसऱ्यांदा हात शिवशिवला तो दुसऱ्या हाताने धरला. वरून बघितलं तर काय सुंदर नागमोड. ओव्हन तापायला वेळ होता म्हणून भांडं ओट्यावर ठेवून अंघोळीला गेलो. बाबा कामावर निघायच्या गडबडीत होते. पाणी पिता पिता ते ओट्याकडे बघताना दिसले, पण मी बोललो नाही. ते बोलत नाहीत तर मी कशाला बोलू?

अंघोळीहून आलो, ओव्हन तापला होता, घाईघाईत भांडं आत सरकवलं. ह्या वेळी दाराला हात लावला नाही. पन्नास मिनिटांनी काडी घालून पाहिली, कोरडी आली. वर मस्त फुगून मधोमध चिरलेला, पाठ तपकिरी. थंड झाल्यावर कापला.

आतून सगळा एकसारखा हिरवा. रेघ नाही, नागमोड नाही. रेल्वेच्या वेटिंग रूमची भिंत कापावी तसा.

दिवसभर डोकं फिरलेलं. संध्याकाळी बाबा आले, त्यांनी बशीतला तुकडा उचलला, खिडकीशी नेला आणि उजेडात बराच वेळ धरला. मग आईला म्हणाले, "त्याला सांग, रंग दवाखान्याच्या भिंतीचा आलाय. पण एकजीव झालाय. एक रेघ नाही. मानलं पाहिजे."

इतका घाणेरडा टोमणा मी आजवर ऐकला नव्हता. ताट तसंच सारून उठलो.

आणि एक, आईला काय झालंय कळत नाही. मिश्रण ढवळायचा स्पॅच्युला धुऊन, पुसून, वर्तमानपत्राच्या तुकड्यात गुंडाळून दोऱ्याने बांधून ठेवलेला मिळाला. ब्रश ठेवतात तसा. विचारलं तर म्हणाली, मी हात नाही लावला.

१४ मार्च, गुरुवार

माचा जिथून आणला त्या दुकानदाराशी भांडलो. म्हटलं, तुमच्या पुडीचा रंग पसरतो. तो म्हणाला, "चहाच आहे तो, पसरणारच. पसरू नये असं हवं असेल तर रंगाच्या दुकानात जा." सगळीकडून मला रंगाच्या दुकानातच का पाठवतात?

शिवाय त्याने माझ्या चष्म्याकडे बघून विचारलं, "काच घातलीय ना ह्यात?"

१६ मार्च, शनिवार

माचाच्या दोन डब्या आणखी आणल्या.

आज फ्रीजवरचा अर्ज वाचला. बाबांचं अक्षर. माझं नाव, जन्मतारीख, आधीचे गुण, सगळं डब्यावर शेडचा नंबर लिहावा तसं ठसठशीत. एकच रकाना कोरा, 'मध्ये शिक्षण सोडण्याचं कारण'. बाबांनी तिथे पेन टेकवल्याचा ठिपका आहे. लिहिलं काही नाही.

ताई म्हणाली, "सही कर ना. सरांनी तुझ्या स्कूटर प्रकरणाचं कॉलेजला काही कळवलंसुद्धा नव्हतं. बाबांनीच जाऊन स्कूटरचा आरसा बसवून दिला."

"मला कुणी विचारलं होतं?"

"तुला विचारून तू काय सांगितलं असतंस?"

मी दार आपटलं. आमचं स्वयंपाकघराचं दार आपटलं तरी हळूच बंद होतं, बाबांनी त्याला रबर लावून ठेवलंय. ह्या घरात माणसाला नीट रागावताही येत नाही.

१८ मार्च, सोमवार

आज मी एक गोष्ट केली. लिहून ठेवतो, कारण पुढे कधी कुणी विचारलं तर माझ्यावर कसला अन्याय झाला होता ते आठवायला हवं.

सकाळी मिश्रण तयार होतं आणि बटर पेपर संपलेला. सकाळी सातला दुकानं बंद. फ्रीजकडे बघितलं. पाच महिन्यांचं मौन, भिंतीचा टोमणा, आरसा, सगळं एकदम आठवलं. तो अर्ज काढला, लोण्याचा हात फिरवला आणि भांड्यात अंथरला. बसला अगदी मापात. दोन टोकं कडांवरून बाहेर राहिली, त्यावर बाबांच्या अक्षरातलं माझं नाव. वर मिश्रण सोडलं, सुरी दोनदा. उत्तम रेघा. मग छाती फुगवून अंघोळीला गेलो.

बाबा त्याच वेळी स्वयंपाकघरात होते. पाणी पीत होते.

बाहेर आलो, ते गेले होते. घाईतच भांडं आत घातलं. भाजलं. काढलं. पुन्हा एकसारखा हिरवा, वरून असा समतल की गोटी ठेवली तर हलली नसती. खाली मात्र भलतंच आलं होतं. केकच्या बुडावर बाबांचं अक्षर उमटलं होतं, उलटं. शाई फुटलेली, पण नाव वाचता येत होतं, आरशात धरलं तर.

तो बुडाचा तुकडा मी कुणाला दाखवला नाही. फेकलाही नाही. वर्तमानपत्रात गुंडाळून माझ्या कपाटात ठेवलाय. (ताई, हात लावू नकोस.)

स्पॅच्युला पुन्हा दोऱ्याने बांधलेला होता.

संध्याकाळी बाबांनी फ्रीजच्या रिकाम्या चुंबकाकडे एकदा बघितलं. मी तयारीत होतो. वाक्यंसुद्धा ठरवून ठेवली होती. ते आईला म्हणाले, "मीठ दे."

बास. एवढंच.

२० मार्च, बुधवार

दुसऱ्यांदा अंघोळीनंतरच बिघडला. अंघोळीचा आणि केकचा काय संबंध असावा? वाफ? आमच्या न्हाणीघराची वाफ स्वयंपाकघरात येते खरी. वाफेने मिश्रण सैल होऊन रंग पसरत असावेत. ताईला हे सांगितलं. ती म्हणाली, "हो, वाफच असेल," आणि तोंडावर रुमाल धरून खोलीतून गेली.

ठरलं. शनिवारी अंघोळ नाही.

२३ मार्च, शनिवार

आज लिहायला खूप आहे, सलग लिहितो.

बाबांना मोठं काम होतं, सहालाच बाहेर पडले. मी साडेसहाला लागलो. बटर पेपर आणलेला होता. सुरी दोनदा. अंघोळ न करता ओव्हनसमोर स्टुलावर बसून राहिलो, भांडं क्षणभरही नजरेआड केलं नाही. पन्नास मिनिटं दाराला हात नाही. थंड होईपर्यंत एक तास त्याच्याकडे नुसतं बघत बसलो. एवढा वेळ मी आयुष्यात कशाकडेही न ओरडता बघितलेलं नाही.

कापला. हिरवी नागमोड, पांढऱ्यात विरत गेलेली, पुन्हा वर आलेली. हुबेहूब पानावरच्यासारखी. आई म्हणाली, "कापड वाटतं रे." ताई काही टोमणा मारणार होती, पण तिने नुसता एक तुकडा खाल्ला. काकूंच्या भांड्यात दोन काप घालून ते परत केलं. उरलेला डब्यात घेतला. वाफेचाच दोष होता, सिद्ध झालं.

दुकानात एक आजी चष्मा लावून बसल्या होत्या आणि ती त्यांच्यापुढे पान धरून उभी होती. तेच पान. आजी वाचत होत्या, "लोणी आणि साखर… पांढरी… होईपर्यंत…" आणि दुसऱ्या ओळीला थांबल्या.

मी डबा काउंटरवर ठेवला. म्हटलं, "तुमच्यासाठी."

तिने झाकण उघडलं, केककडे बघितलं, पानाकडे बघितलं, पुन्हा केककडे. "हा तोच?"

"तुम्ही दाखवला होतात. पाच तारखेला."

तिने पान काउंटरवर ठेवलं. मग हळूच म्हणाली, "अहो, हे सगळ्यांनाच दाखवते मी. आधी विम्याचं पान होतं, लोक वाचून घाबरायचे, म्हणून काकांनी हे लावलं." मग डबा जरा दूर सारून, "मला चहाचा वाससुद्धा सहन होत नाही. हिरवा काय नि काळा काय."

आजी म्हणाल्या, "मला चालतो," आणि एक काप घेतला. काकांनी दोन घेतले.

मी दाराकडे वळलो तेव्हा ती म्हणाली, "थांबा. तो चष्मा काढून ठेवा आता. त्याला नंबरच नाहीये. मी पहिल्या दिवशीच सांगणार होते, पण काका म्हणाले, असू दे, पोराला त्यात बरं वाटतंय." मग पान केकच्या शेजारी धरून ती म्हणाली, "पण रेघा खरंच अशाच्या अशा आल्यात. मला वाटलं होतं, हे नुसतं फोटोतच होतं." हे तिने मनापासून म्हटलं. तेवढं मला बिनचष्म्याचं दिसलं.

घरी आलो तेव्हा दीड वाजला होता. बाबा जेवायला आले होते. आई काकूंकडे गेलेली, ताई कामावर. म्हणजे मध्ये टेलिफोन नव्हता. मी दुकानातून परत आणलेला डबा उघडून उरलेला केक टेबलावर ठेवला. वाटलं, आता उठून जातील.

त्यांनी एक काप उचलला, खिडकीशी नेला, उजेडात धरला. फिरवून दोन्ही बाजू बघितल्या. मग माझ्याकडे वळून, सरळ माझ्याकडे, म्हणाले, "हे ढवळायचं राहिलं का तुझ्याकडून?"

पाच महिन्यांतलं पहिलं वाक्य, तेही असलं.

"राहिलं नाही. एवढंच ढवळायचं असतं. रेघ दिसतेय तोवर थांबायचं."

"रेघ दिसतेय तोवर?"

"हो."

बाबा खाली बसले. "आमच्याकडे असं थांबणाऱ्याला घरी पाठवतात. डब्यात एक रेघ राहिली की गिऱ्हाईक भिंतीचा फोटो घेऊन परत येतं." केकचा तुकडा त्यांनी बशीत ठेवला. "आधीचे ते दोन मीच ढवळले. तू अंघोळीला होतास. मला वाटलं, घाईघाईत पोराचं राहून गेलं. चांगलं तळापासून ढवळलं, वरून काठ साफ केला."

डोकं फिरायला हवं होतं. वाट बघितली, फिरलं नाही.

"सोमवारी भांड्यात खाली कागद होता," मी म्हणालो.

"बघितला."

"टोकं बाहेर होती. तुमचं अक्षर होतं."

"अरे, माझं अक्षर मला ओळखता येतं."

"मग तरी ढवळलंत?"

"मग काय करू? खालचं गेलंच होतं. वरचं तरी नीट व्हायला नको?"

त्यांनी शर्टाच्या खिशातून चार घड्यांचा कागद काढला. नवा अर्ज, सगळा पुन्हा भरलेला, कोपऱ्यावर कुणाच्या तरी भिंतीचा निळा अंगठा. "कॉलेजची खिडकी पाचपर्यंत उघडी आहे. आणि हा भांड्यात घालू नकोस, मग मला तिसऱ्यांदा लिहावं लागेल." तुकडा तोंडात टाकून चावत म्हणाले, "कडू आहे जरा. पण बरा आहे. हिरवा वरून भाजताना मरतो, बघ. दोन छटा गडद घेत जा."

मी सही केली. ती लगेच झाली. मग तो रकाना, 'मध्ये शिक्षण सोडण्याचं कारण'. बाबा हात धुताना पाठमोरे म्हणाले, "फार लांबण लावू नकोस."

पहिली ओळ लिहिली, वर्गात अपमान झाला असं वाटल्यामुळे रागाच्या भरात. दुसरी लिहिली, झालेल्या नुकसानीबद्दल सरांची माफी मागतो. तिसरी ओळ पेनाच्या टोकाशी आलेली होती. सर साठ पोरांसमोर नेमकं काय म्हणाले, घसरगुंडी कुणाला म्हणाले, रेघ म्हणजे त्यांना काय कळतं, सगळं त्या ओळीत मावत होतं.

दोन ओळी झाल्या होत्या. मी पेन खाली ठेवलं.